पाळीचा डावा कोपरा

हे कोणी खरं मानणार नाही, असं केशोरावनं गोष्टीच्या आधीच सांगून टाकलं.

"मानू नका," तो म्हणाला. "मानाले लावाचं काम माजं नाही. पन बकाराम हा इथं बसून हाय. ज्याच्या मानेसाठी हे सारं घडलं तो गडी हाच. माजा एक शब्द झूठ निघाला तं तो बोलल."

बकाराम काही बोलला नाही. सन साठचा उन्हाळा होता. तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, माती टाकायचं काम चाललं होतं आणि दुपारची शिदोरी सोडून सगळे मोहाच्या सावलीला टेकले होते. बकाराम जरा बाजूला बसून बिडी ओढत होता. तो तसाही बोलायच्या बाबतीत कंजूस. त्यामुळे केशोरावला रान मोकळं मिळालं आणि त्यानं सुरुवात केली ती दुधरामच्या देहापासून.

दुधराम गेल्या साली पावसाळ्याच्या तोंडावर वारला, म्हणून ही गोष्ट आता सांगता येते. जिवंत होता तोवर सांगायची सोय नव्हती. तर हा दुधराम केवढा होता म्हणावं? तो आंघोळीला तलावात उतरला की पलीकडे सांडव्यावरून पाणी वाहायला लागे आणि खालच्या धानाच्या बांधीत निंदणाऱ्या बाया म्हणत, उतरला वाटते दुधराम. गाडीत बसला तर बैल मान वळवून बघत, कोण चढलं ते. लग्नात मांडवाच्या दारातून तो आडवा होऊन आत आला, तेव्हा धुरपताबाईच्या आईनं मागच्या माणसांना हळूच विचारलं, नवरदेव एकच हाय ना.

एवढ्या देहाला शोभेल असं काम त्याला मिळालं स्वराज्य आलं त्याच्या पुढच्या संक्रांतीला.

तेव्हा धान निघून बांध्या रिकाम्या झाल्या की आपल्याकडे कोहळ्याचा खेळ होई. आताच्या पोरांनी तो पाहिला नाही. दोन गावं समोरासमोर. एका गावाच्या गड्यानं काखेत तेल लावलेला कोहळा धरायचा आणि बांध्यांच्या ह्या टोकापासून त्या टोकाच्या धुऱ्यापर्यंत, म्हणजे कडेच्या बांधापर्यंत, पळत न्यायचा. दुसऱ्या गावानं त्याला पाडायचं. कसंही पाडा, पाय ओढा, मान धरा, सगळं चालतं. कोहळा नेणाऱ्याच्या बाजूनं त्याच्याभोवती पाच जण असत. त्यांनी कोणाला हात लावायचा नाही, दोन्ही हात स्वतःच्या छातीवर बांधायचे आणि नुसत्या अंगानं अडवायचं. आपण तलाव बांधणारी माणसं. पाणी अडवते ती पाळ, म्हणून त्या पाच जणांनाही पाळच म्हणत.

पाळीतल्या गड्याचं नाव कोणी घेत नाही. हार पडतो तो कोहळा नेणाऱ्याच्या गळ्यात, ओवाळतात त्याला, खांद्यावर बसवतात त्याला. पाळीतला गडी घरी जाऊन बायकोकडून हळद लावून घेतो. दुधरामची बोटं वाकडी झाली, एक कान फाटला, एक फासळी कायमची बाहेर आली, आणि ह्या सगळ्याबद्दल त्याला मिळालं काय, तर तलावाखालची एक बांधी. गावच्या जमिनीचा मालक केवलराम मालगुजार, त्यानं ती त्याला कसायला दिली होती. जोवर तू पाळीत उभा, तोवर बांधी तुझी, एवढाच शब्द. पुढे मालगुजारी गेली, पण शब्द तसाच चालत राहिला आणि दुधरामच्या घरातलं सगळं जेवण त्या शब्दावर उभं राहिलं.

त्याची जागा डाव्या कोपऱ्याची. कोहळा नेणारा उजव्या काखेत कोहळा धरून उजवीकडे बघत पळतो, म्हणून त्याची डावी बाजू उघडी पडते. मारणारा हुशार असेल तर तो डावीकडूनच येतो. पाळीतला सगळ्यात जड आणि सगळ्यात जागा माणूस तिथं लागतो. दुधराम तिथं उभा असला की मागचा गडी डावीकडे बघतही नसे.

आता भीतीचा भाग.

सन त्रेपन्नच्या खेळात एका गड्याचं डोकं दुधरामच्या कपाळावर आदळलं. दुधराम पडला नाही. तो खेळ संपवून घरी आला, जेवला, झोपला आणि सकाळी उठला तेव्हा त्याच्या डाव्या डोळ्यानं दिसत नव्हतं. वरून काही कळत नव्हतं. डोळा तसाच काळाभोर, पापणी लवत होती, आतला दिवा तेवढा विझला होता.

त्यानं धुरपताबाईला सांगितलं. दुसऱ्या कोणाला नाही.

"मालगुजाराले सांगा," ती म्हणाली. "दुसऱ्या अंगाले उभं करल तुमाले."

"दुसऱ्या अंगाले बिसन हाय. त्याले काऊन हलवल तो? मलेच काढल."

"मंग काढू द्या."

"आन बांधी?"

धुरपताबाई चुलीकडे बघायला लागली. चुलीपुढं तिचा धाकटा भाऊ जेवत होता. आईबाप गेल्यावर बहिणीकडे आला आणि इथलाच झाला. तोच हा बकाराम. तेव्हा हरणासारखा पळायचा, आता बघा, बिडी विझली तरी उठून विस्तव आणत नाही. त्याला काही ऐकू गेलं नाही, कारण ती दोघं हलक्या आवाजात बोलत होती. आणि दुधरामला पुढची बातमी त्याच आठवड्यात कळली ती अशी, की पुढच्या संक्रांतीपासून कोहळा बकाराम नेणार.

म्हणजे आंधळ्या बाजूमागून जो जीव पळणार, तो घरातलाच.

दुधरामनं मग कान लावायला सुरुवात केली. धान कापलेल्या बांधीत धसकटं उभी असतात, वाळून कडक झालेली. त्यांच्यावरून कोणी पळत आलं की कर्र कर्र वाजतं. किती लांब आहे, किती जड आहे, कोणत्या पायावर जोर देतो, सगळं वाजतं. तीन संक्रांती दुधराम त्या आवाजावर उभा राहिला आणि डाव्या अंगानं आलेला एकही गडी त्यानं आत सोडला नाही. लोक म्हणत, दुधरामला पाठीलाही डोळे आहेत. तो हसायचा आणि पुन्हा कान लावायचा.

बाकी दिवस कसे निभले ते देवाला माहीत. पण निभले. बकाराम जेवायला बसायचा तो नेमका उजव्या हाताला. तंबाखू पुढं करायचा ती उजवीकडून. बाजारात चालायचा तो डाव्या बाजूनं, म्हणजे कोणी धडकायचं तर आधी बकारामवर धडकायचं. दुधरामला वाटे, ही देवाचीच कृपा, पोराला सवयच तशी लागली.

मग चोरखमाऱ्याकडच्या एका गावात पुनाराम नावाचा गडी निघाला.

त्याच्याबद्दल जे सांगत, ते सांगताना लोक आवाज खाली घेत. तो फार उंच नव्हता, फार रुंद नव्हता. पण त्याच्या पायाचा आवाज होत नसे. लहानपणापासून रात्री तलावात मासे मारायचा, चिखलातून चालायचा, म्हणून पाय तसे झाले असं कोणी म्हणे. कोणी म्हणे की त्याच्या पायाला तळवाच नाही. तिरोड्याकडच्या खुशाल नावाच्या गड्याचा कोहळा त्यानं आदल्या साली पाडला होता आणि त्या दिवसापासून खुशाल खाटेवर होता. पुढच्या संक्रांतीला हा पुनाराम आपल्या गावाविरुद्ध खेळणार असं ठरलं, तसा दुधराम खुशालला बघायला गेला. घरी बैल पाहायला जातो म्हणून सांगितलं.

खुशालची आई देवकाबाई त्याला पेज पाजत होती. खुशालचं डोकं उशीवर होतं आणि त्याखालचं अंग दुसऱ्या कोणाचं तरी आणून ठेवावं तसं पडलं होतं. एक माशी त्याच्या हातावर बसली. ती बराच वेळ तिथं फिरली. त्यानं ती उडवली नाही.

"तू पाळीतला हायेस?" खुशालनं विचारलं.

"हो. डाव्या कोपऱ्याचा."

"मग नीट आयक. माजा डाव्या कोपऱ्याचा गडी चांगला होता. दोन्ही डोळ्यांनं पाहून राहिला होता. त्याले पुनाराम दिसला, मंग नाही दिसला. तेवढाच वेळ लागते. आवाज नाही येत. वास येते. ओल्या मातीचा. पन वास आला म्हंजे तो आलेला असते."

देवकाबाईनं वाटी खाली ठेवली. "तुमी घरी जा दादा," ती म्हणाली. "तुमच्या मांगं कोन पळते?"

"साळा हाय."

"मंग घरीच जा."

परत येताना दुधरामला पहिल्यांदा रस्त्याची भीती वाटली. दिवसाउजेडी. त्याच्या डाव्या बाजूला रस्ता नव्हताच, झाडं नव्हती, शेतं नव्हती, नुसतं काळं काहीतरी त्याच्याबरोबर चालत होतं. तो सारखी मान वळवून बघायचा. वळवली की तिथं पळस असायचे, गायी असायच्या. मान सरळ केली की पुन्हा ते काळं यायचं.

पुढच्या गुरुवारी तो नवेगावच्या बाजारात मिठाच्या दुकानापुढं उभा होता. बकाराम त्या दिवशी सोबत नव्हता. दुधरामनं मीठ घेतलं, मिरच्या घेतल्या, दुकानदाराशी यंदाच्या धानाच्या गोष्टी केल्या. दुकानदार मधूनच त्याच्या खांद्याच्या पलीकडे बघे आणि नजर फिरवी. दुधराम निघायला वळणार, तेवढ्यात त्याला वास आला.

"राम राम," डाव्या कानाशी कोणीतरी म्हणालं.

दुधरामनं मान फिरवली. हातभर अंतरावर एक सावळा माणूस शांतपणे उभा होता. अनवाणी.

"मी पुनाराम," तो म्हणाला. "बराच वेळचा उभा हाव. तुमी पाह्यलंच नाही."

"ध्यान नव्हतं."

"असं होते." पुनाराम दुधरामच्या डाव्या डोळ्याकडे बघत होता, विहिरीत वाकून बघावं तसा. मग त्यानं एक बोट वर उचललं, डाव्या बाजूनं हळूच दुधरामच्या कानापर्यंत नेलं आणि तसंच परत आणलं. दुधरामची पापणीही लवली नाही. लवायला त्याला काही दिसलंच नव्हतं. दुकानदारानं नंतर विचारलं, तो माणूस तुमच्या कानापाशी बोट काऊन फिरवून राहिला होता, तेव्हा त्याला कळलं.

त्या रात्री तो जेवला नाही. तुम्हाला माहीत नसेल, पण दुधराम जेवला नाही तर गावात ती बातमी असे. मालगुजाराकडून माणूस आला विचारायला, वैद्य बोलावू का म्हणून.

खेळाचं मैदान पाहुण्यांनी निवडायचं ही जुनी रीत. पाहुण्यांना धसकटातले खड्डे माहीत नसतात, म्हणून निवड त्यांची. खेळाच्या आठवडाभर आधी पुनाराम आला आणि तलावाखालच्या बांध्यांतून एकटाच हिंडला. एका बांधीत गेला, चार पावलं चालला, बाहेर आला. दुसऱ्या बांधीत तसंच. शेवटी तो एका बांधीत शिरला आणि ह्या धुऱ्यापासून त्या धुऱ्यापर्यंत चालत गेला. मालगुजार, गावकरी, सगळे बघत होते. कोणालाच त्याच्या पायांचा आवाज आला नाही.

त्या बांधीत लाखोळी होती. आपल्याकडे धान उभं असतानाच त्याच्या पायाशी लाखोळीच्या डाळीचं बी फेकतात. धान कापलं की खाली हिरवी लाखोळी वर येते, ओलसर, लुसलुशीत, आणि धसकटं तिच्यात बुडून जातात. त्या बांधीत पाऊल टाकलं तर गादीवर टाकल्यासारखं. बाकी कोणी त्या साली तलावाच्या इतक्या जवळ लाखोळी पेरली नव्हती. एकानंच पेरली होती.

"ही," पुनाराम म्हणाला. "पडनाऱ्याले लागाचं नाही."

"दुधराम, तुजी बांधी हाय," मालगुजार म्हणाले. "लाखोळी तुडवली जाईन. चालते ना?"

सगळे दुधरामकडे बघायला लागले. तो म्हणाला, "चालते."

दुसरं काय म्हणणार? चालत नाही म्हणावं तर काऊन म्हणून विचारतील. ज्या पिकावर त्याचं घर जेवत होतं, तेच पीक त्यानं स्वतःच्या हातानं फेकून आपले कान बंद करून घेतले होते.

घरी धुरपताबाई म्हणाली, "बकारामले सांगा. निदान त्याले तं समजू द्या कोन्या बाजूनं मरन हाय."

"सांगतलं तं तो पळतानी डावीकडे पाहत राहील. डावीकडे पाहनारा मंद होते. मंद झाला का कोनीबी पाडल त्याले."

"मंग त्याले जाऊच देऊ नका."

"कोन्या तोंडानं सांगू?"

"तोंड हाय ना एवढं मोठं," धुरपताबाई म्हणाली आणि चुलीतलं लाकूड उगाच आत ढकललं. तिच्या डोळ्यांत धूर गेला की काय गेलं ते तिनं कळू दिलं नाही.

संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी सगळं गाव पाळीवर येऊन बसलं. ह्याच पाळीवर, आत्ता बकाराम बसलाय तिथपर्यंत. लाखोळीवर दव होतं. दुधराम आपल्या जागी उभा राहिला, हात छातीवर बांधले, आणि त्याच्या लक्षात आलं की त्याचे गुडघे हलत आहेत. एवढ्या मोठ्या माणसाचे गुडघे हलले की जमीन हलते. शेजारच्या गड्यानं खाली बघितलं.

समोरच्या रांगेत पुनाराम नव्हता. दुधरामनं मान फिरवून सगळी रांग बघितली. नव्हता. मान सरळ केली आणि त्या काळ्यातून ओल्या मातीचा वास आला की नाही, हे त्याला नक्की सांगता येईना.

ढोल वाजला. बकारामनं कोहळा काखेत घेतला.

पहिल्या पावलालाच दुधरामला कळलं की कान संपले. माणसं पळत होती, ओरडत होती, आणि खाली लाखोळी सगळं गिळत होती. एखाद्या स्वप्नात पळावं तसं. उजवीकडे धडका बसत होत्या, त्या दिसत होत्या. डावीकडे काहीच नव्हतं, आणि त्या काहीच नसलेल्यातून कुठूनतरी तो माणूस निघाला होता, हे दुधरामला हाडांतून कळत होतं. मान वळवावी तर उजवी बाजू जाते. न वळवावी तर डावी. खुशालच्या हातावरची माशी त्याच्या डोळ्यापुढं आली. आणि त्या हाताच्या जागी बकारामचा हात आला.

मग त्यानं जे केलं ते आजवर पाळीतल्या कोणी केलं नव्हतं. तो उलटा फिरला. शत्रूकडे पाठ केली, बकारामकडे तोंड केलं आणि मागच्या मागं पळायला लागला.

पाळीवर हशा झाला. "दुधराम, घर तिकडं नाही," कोणी ओरडलं. "साळ्याचं तोंड पाहून राहिला का रे, बायकोची आठवन आली का?" मालगुजारांनी कपाळाला हात लावला.

पण बांधी दुधरामची होती. कुठं खळगा आहे, कुठं पाटाचं पाणी मुरतं, कुठं मधला धुरा चढायचा, हे त्याच्या टाचांना पाठ होतं. धान रोवताना तो किती वेळा असाच मागं पाय टाकत आला असेल. तो न बघता धुरा चढला, न बघता उतरला. आणि त्याचा एकुलता डोळा बकारामच्या तोंडावर खिळला होता. कारण जे त्याला दिसत नव्हतं, ते बकारामला दिसणार होतं. आणि दिसलं की त्याच्या तोंडावर उमटणार होतं.

बकाराम पळत होता. तोंड बंद, नजर समोर. काही नाही. अजून काही नाही. दुधरामला स्वतःचा श्वास ऐकू येत होता आणि प्रत्येक श्वासाला वाटत होतं की आता, आता.

मग बकारामचं तोंड पांढरं पडलं. डोळे असे फाटले की आतलं सगळं पांढरं दिसलं, आणि दोन्ही बुबुळं एकदम एका बाजूला सरकली. जन्मात कधी न भ्यालेला पोरगा, पण त्या क्षणी मरणच दिसलं त्याला, आणि ती भीती त्याच्या तोंडावर दिव्यासारखी लागली.

दुधरामनं विचार केला नाही. ती बुबुळं जिकडं गेली तिकडं त्यानं आपलं सगळं अंग फेकून दिलं.

आणि तिथं पुनाराम होता.

आवाज असा झाला की तलाव फुटला समजून गावातल्या म्हाताऱ्या पोरंसोरं घेऊन टेकडीकडे धावल्या. तलावातलं पाणी उसळलं आणि पाळीवरून खाली आलं, आणि त्याबरोबर मासे. लाखोळीत मासे उड्या मारत होते. बायांनी पदरात धरून नेले, आणि त्या दिवशी सगळ्या गावात एकच भाजी झाली. तळ्यावरचे बगळे जे उडाले ते दोन दिवस परतले नाहीत.

सगळं थांबलं तेव्हा पुनाराम दुधरामच्या खाली होता आणि हसत होता की कण्हत होता ते कळत नव्हतं.

"तुले दिसलं कसं?" त्यानं हळूच विचारलं.

 दुधरामनं मान वळवली. पलीकडच्या धुऱ्यावर बकाराम उभा होता. अख्खा. कोहळा काखेत, दोन्ही पाय जमिनीवर, मान जागच्या जागी. दुधराम तिथंच लाखोळीत बसून राहिला. बकारामला खांद्यावर घेऊन लोक मिरवायला गेले, तरी तो उठला नाही. धुरपताबाई आली आणि तिनं त्याचं तोंड पदरानं पुसलं.

बांधी राहिली. पुढं दोन संक्रांती दुधराम तसाच उलटा पळत डावा कोपरा सांभाळत राहिला आणि लोक म्हणायला लागले की खरी पाळ अशीच असते. गुडघा गेला तेव्हाच तो थांबला. तोवर मालगुजारांनी शब्द बदलला होता, बांधी कायमची त्याचीच म्हणून. पुनारामनं डोळ्याबद्दल कधी कोणाजवळ तोंड उघडलं नाही, का ते त्यालाच माहीत. धुरपताबाई बोलली नाही. दुधराम मरायला टेकला तेव्हा त्यानं केशोरावला जवळ बोलावून सांगितलं. साळ्याले नको सांगू म्हणाला, त्याले वाईट वाटल का मी त्याले आंधळ्याच्या मांगं पळवलं.

"आन मी नाही सांगतलं," केशोराव म्हणाला. "आज सांगून राहिलो. का मानसाचं भेव असं कामी येते. हा बकाराम त्या दिवशी भेला नसता, तं आज खाटेवर राह्यला असता. एवढीच गोष्ट."

 मग एकजण म्हणाला, "मासे पाळीवरून आले म्हन्ता?"

"बकारामले विचार."

सगळ्यांनी बकारामकडे बघितलं. बकारामनं विझलेली बिडी बोटात फिरवली आणि मातीत खुपसली. त्याच्या तोंडाकडे बघून केशोराव जरा सावरून बसला.

"झूठ हाय," बकाराम म्हणाला.

लोक हसले. "तरी म्हटलं, मासे कुठून येतीन."

"माशाचं मले नाही मालूम. मी मांगं पाह्यलं नाही. मासे उडले असतीन." तो केशोरावकडेच बघत होता. "पन मी भेलो नव्हतो. तू झूठ सांगून राहिलास, केशोराव. चुलीपुढं बसून जेवत होतो मी, कान काय बांधीत ठेवून आलतो? तीन सालं त्याच्या उजव्या अंगाले कोन बसत होता? बाजारात डाव्या अंगानं कोन चालत होता? तो उलटा फिरला तवाच मले समजलं का तो माजं तोंड पाहून राहिला."

केशोरावनं शिदोरीचं फडकं गुंडाळायला घेतलं.

"भेव लागलं का मानूस डोळे मिटते," बकाराम म्हणाला. "मी फाडून धरले होते. त्याले दिसावं म्हनून."